दुधाच्या पातेल्याचं झाकण

…तर ते झाकण त्यानं घरी परत आणलंच नाही, इथवर आलो होतो काल. मग चहा आला, चहामागून पाहुणे आले आणि गोष्ट तशीच लोंबकळत राहिली. आता पुढचं ऐका. पण काल जे नव्हते त्यांच्यासाठी मागचं थोडक्यात सांगायला हवं, नाहीतर मधेच कोणीतरी 'कोण धडाम, कसलं झाकण' करत उठेल.

धडाम म्हणजे गल्लीच्या टोकाला, जिन्याच्या घरात राहतो तो. त्याचं खरं नाव फक्त लाइटबिलावर. पोरं त्याला धडामकाका म्हणतात आणि पोरांचं ऐकून पोस्टमनही तेच म्हणतो. कारण त्याचा धंदाच पडण्याचा. स्वतः पडत नाही, दुसऱ्याला पाडतो. आणि तो दुसराही हाडामांसाचा नाही, चित्रातला. टीव्हीवर ती कार्टून मालिका लागते ना, एका घराची? जाडा बाप, चष्मेवाली आई, चौथीतली मुलगी, पेंगणारे आजोबा? त्या मालिकेतले आवाज हा करतो. बोलण्याचे नव्हेत, बोलायला वेगळी माणसं असतात, ती अत्तर लावून येतात. हा दार करकरवतो, कप फोडतो, चिखलातून चालतो, कुत्रा बशीतलं पाणी पितो तेही हाच पितो. पण सगळ्यात त्याचं नाव झालं ते बापाच्या पडण्यावर.

मालिकेत बाप दर भागात जिन्यावरून पडतो. तिसऱ्या पायरीवर. पायरी मोडकी आहे हे त्याला माहीत, बायकोला माहीत, बघणाऱ्या शेंबड्या पोरालाही माहीत. पण ती दुरुस्त करायची नाही, हा त्या मालिकेचा धर्म. फळी कडाक करते, बाप गडगडत खाली येतो, त्याच्यामागून माळ्यावरचं सामान येतं, आणि आता संपलं असं वाटतं तेवढ्यात कुठूनतरी एक झाकण येतं, गरगर गरगर फिरतं आणि थांबतं. मग क्षणभर सगळं गप्प. आणि पेपरातून डोकं वर न काढता चष्मेवाली आई म्हणते, "आलात का?"

एवढाच विनोद. वीस वर्षं लोक त्याला हसतात.

तशा त्या मालिकेत ठरलेल्या गोष्टी पुष्कळ. शेजारी आपली शिडी परत मागायला येतो आणि दर वेळी दुसरंच काहीतरी घेऊन जातो. आजोबा 'आमच्या वेळी' एवढं म्हणाले की घोरायला लागतात. मुलगी वीस वर्षं चौथीतच आहे, नापास होत नाही आणि पासही होत नाही. एका भागात त्यांचं घर जळून खाक झालं होतं. पुढच्या आठवड्यात तेच पडदे, त्याच खुर्च्या, कोणी विचारलंसुद्धा नाही. लेखक म्हातारा माणूस, स्टुडिओत त्याला सगळे लेखकबुवा म्हणतात. त्यानं धडामला पहिल्याच महिन्यात सांगितलं होतं, "हे बघ, पडणाऱ्याला लागलं नाही पाहिजे आणि चित्रात जवळ बसलेल्यानं उठलं नाही पाहिजे. यातलं एक जरी झालं ना, की हसणारा ओशाळतो. आणि ओशाळलेला माणूस चॅनेल बदलतो."

धडामनं ते गाठीशी बांधलं.

त्याची कामाची खोली बघण्यासारखी. भिंतींना गोधड्या लावलेल्या, जमिनीवर कुठे फरशी, कुठे वाळू, कुठे लाकूड, आणि मधोमध एक जिना, जो कुठेच जात नाही. पाच पायऱ्या चढलं की समोर गोधडी. तिसऱ्या पायरीत तो फळांच्या खोक्याची पातळ फळी बसवतो, ती मोडली की कडाक. मग वाळूची पिशवी, ती बापाचं पोट. मग चिंध्या भरलेली पत्र्याची ट्रंक. सगळ्यात शेवटी झाकण. सुरुवातीला झाकणं त्यानं डझनभर आणून बघितली, बाजारातली, नवी कोरी. एकही मनासारखं फिरेना. कोणी लवकर थांबायचं, कोणी भांड्याच्या दुकानासारखं किणकिणायचं. शेवटी घरच्या दुधाच्या पातेल्याचं झाकण उचलून नेलं. काठाला जरासं चेपलेलं, त्यामुळे फिरताना लंगडायचं. कानाला यंत्र लावून बसणारा रेकॉर्डिस्ट, त्याला सगळे कानसेन म्हणतात, तो काचेपलीकडून म्हणाला, "हेच. आता याला घरी नेऊ नका."

नेलं नाही. त्याची बायको तेव्हापासून दुधावर ताटली झाकते. आणि तो कामावरून आला, चप्पल काढली, की ती विचारणार, "झाकण आणलंत?" तो म्हणणार, "उद्या." वीस वर्षं. लेखकबुवांना एकदा हे कळलं, आणि तिथूनच तो शिडीवाला शेजारी मालिकेत आला.

बायको घरी शाळेचे गणवेश शिवते. म्हणजे शिवायची. पायाचं मशीन, खिडकीपाशी. कापड आणि तयार कपडे वरच्या खोलीत, म्हणून दिवसातून कितीदा तरी जिना चढायची-उतरायची. घरात मालिकेचं खूळ असं शिरलं होतं की काहीही पडलं, वाटी पडो, पुस्तक पडो, तरी जो जवळ असेल तो मान न वळवता म्हणायचा, "आलात का?" त्यांची लेक तर त्यावरच मोठी झाली. लहानपणी गुडघा फोडून घ्यायची आणि रडत रडत स्वतःच म्हणायची, आले एकदाची. ती लेक चौथी पास होऊन, पुढचं सगळं शिकून, आता दुसऱ्या गावी चौथीच्याच वर्गाला शिकवते. आईच्या हातून कात्री पडली की बाप म्हणणार, "आलात का?" आणि आई म्हणणार, "आले, झाकण तेवढं राहिलं." मग दोघं हसणार. संसारात दोन माणसांचं असं एखादं ठरलेलं बोलणं असतं, बाहेरच्याला त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही.

तर त्या दुपारी काय झालं.

धडाम खाली टेबलाशी बसून एका जुन्या बुटाला टाच ठोकत होता. मालिकेत नवा पोलीस येणार होता, त्याची चाल भारदस्त हवी होती. बायको वरून गणवेशांचा गठ्ठा घेऊन उतरत होती, गठ्ठ्यावर बटणांचा डबा. आणि आवाज आला. आधी एक कडाक. मग जड काहीतरी. मग आणखी जड. मग कपड्यांचा मऊ ढीग, मग डबा, टण टण टण पायऱ्या मोजत, आणि सगळ्यात शेवटी डब्याचं झाकण. गरगर, गरगर, थांबलं.

अगदी त्याच्या क्रमानं. कुठे कमी नाही, जास्त नाही. जिन्याकडे त्याची पाठ होती. बुटावरचा हात थांबला, ओठांवर हसू आलं आणि मान न वळवता तो म्हणाला, "आलात का?"

उत्तर नाही.

आता कोणीही म्हणेल, तिथेच उठायला हवं होतं. पण त्याच्या अंगवळणी काय पडलं होतं बघा. मालिकेत कधीकधी बाप लगेच उत्तर देत नाही. तेव्हा आई पान उलटते आणि तेच वाक्य पुन्हा म्हणते, जरा मोठ्यानं, आणि तेव्हा लोक जास्त हसतात. धडामनं बुटाला एक खिळा मारला आणि पुन्हा म्हणाला, जरा मोठ्यानं, "अहो बाई, आलात का?"

मग एक बटण घरंगळत आलं आणि त्याच्या पायाच्या बोटाला लागून आडवं झालं. पांढरं, चार भोकांचं. त्यानं ते उचललं, आणि तेव्हा कुठे वळून बघितलं.

खुब्याचं हाड मोडलं होतं. इस्पितळात सळई घातली. पहिले दिवस कसे गेले ते त्याचं त्यालाच नीट आठवत नाही. पण एक गोष्ट पक्की आठवते. लेक धावतपळत आली, बॅग दारातच टाकली आणि आईच्या उशाशी बसून विचारलं, "आई, पडलीस कशी? एकटी होतीस?"

आई म्हणाली, "एकटी कशाला? हे होते ना. मी खाली पोचायच्या आत हे पोचले. उचललंच मला."

शेजारच्या खाटेवरची बाई म्हणाली, "नशीब हो तुमचं. आमच्याकडे मी पडले तर आधी विचारतील, चहा झाला का."

सगळ्या हसल्या. लेक उठून बापाजवळ आली, त्याच्या खांद्यावर डोकं टेकून म्हणाली, "बाबा, तुम्ही होतात म्हणून बरं."

आणि धडाम म्हणाला, "हं."

त्या एका 'हं'नं त्याला पोखरलं. रोज कोणीतरी भेटायला यायचं आणि रोज बायको तेच सांगायची. सांगता सांगता गोष्ट सजत गेली. हे बूट टाकून धावले. ह्यांनी टेबल उलथवलं. हे रडले. जावईबापू आले तेव्हा तर धडामनं म्हणे दोन पायऱ्यांवरच तिला झेललं होतं. जावई म्हणाले, "बाबा, या वयात एवढी चपळाई." धडाम खिडकीबाहेर बघत बसला. तिनं ते दोन्ही 'आलात का' ऐकले होते की पडल्या पडल्या शुद्ध गेली होती, हे त्याला ठाऊक नव्हतं, आणि विचारायचा धीर नव्हता. शुद्ध गेली असेल तर ती बिचारी खरंच समजून चालली आहे की नवरा धावला. आणि ऐकलं असेल तर? तर ती इतक्या लोकांसमोर त्याच्यासाठी खोटं बोलते आहे, आणि तो ते घशाखाली उतरवतो आहे. दोन्हीकडून जेवण कडूच.

बायको घरी आली, वॉकर घेऊन. खाट खालच्या खोलीत आणली, मशीनवर चादर टाकली. डॉक्टर म्हणाले, चालाल, पण पायाचं मशीन विसरा. ती मशीनवरच्या चादरीची घडी तेवढी रोज सारखी करायची.

इकडे मालिकेला वीस वर्षं झाली म्हणून मोठा भाग निघाला. त्यात बाप एका जिन्यावरून नाही, सगळ्या गावाच्या पायऱ्यांवरून पडणार होता. डोंगरावरच्या पाण्याच्या टाकीपासून सुरू, ते थेट घरच्या टेबलापर्यंत. चित्रं तयार होती, बोलणी झाली होती, आवाज तेवढे बाकी. दिग्दर्शक बाई तरुण, लहानपणी हीच मालिका बघून मोठी झालेली. ती म्हणाली, "काका, हे तुमचं सगळ्यात मोठं पडणं. मी लहान असताना तुमच्या पडण्यावर हसून दूध नाकातून काढलंय. आज मला तसं हवंय."

धडाम जिन्यावर चढला. समोर पडद्यावर बाप तोल सावरत होता. फळी मोडली. वाळूची पिशवी गेली. ट्रंक हातात घेतली, आणि ट्रंक सुटेना. हात उघडायला तयार नाहीत. पडद्यावर बाप आवाजाशिवायच खाली पोचला.

"काय झालं काका?" काचेपलीकडून कानसेन.

"घाम आलाय हाताला."

दुसऱ्यांदा केलं. मन घट्ट करून सगळं केलं, फळी, पिशवी, ट्रंक, खोकी, बादली. झाकण सोडलं. ते लंगडत फिरलं, थांबलं. पडद्यावर चष्मेवाली आई पेपर धरून बसलेली. आणि ती बोलायच्या आत धडामनं काय केलं, शेजारची खुर्ची खसकन मागे ढकलली, चित्रातल्या आईच्या पावलांसाठी ठेवलेल्या सपाता पायात सरकवल्या आणि लाकडावर पळत गेला. चट चट चट चट. थांबला. गुडघे टेकल्याचा आवाजसुद्धा केला.

दिग्दर्शक बाई काचेपलीकडून आत आली.

"काका, हे काय?"

"ती उठली."

"कोण उठली? चित्रात बसलीये ती. पेपर वाचतेय."

"दिसतंय मला."

"मग बसलेल्या बाईच्या पावलांचा आवाज कुठून येणार? लोकांना वाटेल बिघाड झालाय."

"एकदा वाटू दे."

लेखकबुवांना बोलावलं. ते काठी टेकत आले, ऐकलं, पुन्हा ऐकलं. वाईट नव्हे हो माणूस. त्यांनी धडामच्या शेजारी पायरीवर बैठक मारली आणि हळू आवाजात म्हणाले, "घरचं अजून निवळलं नाही ना?"

"निवळतंय."

"मग हे असं का करतोयस? तुला माहीत आहे. ती उठली की संपलं. वीस वर्षांत कधी उठली नाही ती बाई, आज उठली तर लोक विचारतील, मग इतके दिवस का नाही उठली?"

धडाम म्हणाला, "तेच विचारतोय मी."

लेखकबुवांनी त्याच्याकडे नीट बघितलं. काहीतरी त्यांच्या लक्षात आलं असावं, पण विचारलं नाही. दिग्दर्शक बाईचा मात्र जीव टांगणीला, भाग जायचा दिवस जवळ आलेला. ती म्हणाली, "काका, तुम्ही घरी जा, काकूंजवळ बसा. काळजी करू नका. तुमचीच जुनी पडणी साठवलेली आहेत आपल्याकडे, ढीगभर. कानसेन त्यातूनच जोडून देईल."

तिनं मायेनं सांगितलं, पण धडामनं त्यातून वेगळंच ऐकलं. म्हणजे बाप पडायला आता आपली गरज नाही. आपण नसलो तरी तो पडत राहणार, आपल्याच हातानं, आपल्याच जुन्या आवाजात, आणि चष्मेवाली आई बसून राहणार. त्यानं सपाता काढल्या. निघताना झाकण उचललं आणि पिशवीत टाकलं. कानसेन काचेतून बघत होता.

घरी आला, चप्पल काढली. खाटेवरून नेहमीचा आवाज, "झाकण आणलंत?"

पडल्यापासून हे तिनं पहिल्यांदाच विचारलं होतं. त्यानं पिशवीतून झाकण काढून तिच्या हातात दिलं.

तिनं ते उलटंसुलटं केलं, काठाचं चेपलेलं बोटानं चाचपलं. चेहरा उतरला तिचा. "का हो? काढून टाकलं का तुम्हाला?"

"नाही. मीच आलो." तो खाटेच्या कडेला बसला. मग म्हणाला, "तू सगळ्यांना सांगतेस ना, मी लगेच आलो. मी लगेच नव्हतो आलो."

"माहीत आहे."

"तू ऐकलंस?"

"कान काय मोडले होते माझे?" ती झाकणाकडेच बघत होती. "पहिल्यांदा म्हणालात ना, तेव्हा खरं सांगू, मला हसू आलं. पडल्या जागी. उत्तरही तोंडाशी आलं होतं, झाकण तेवढं राहिलं म्हणून. पण श्वासच येईना. मग म्हटलं, आता वळतील. आता खुर्ची वाजेल. मी खुर्चीच्या आवाजाकडे कान लावून पडले होते. तर तुम्ही खिळा ठोकला. आणि दुसऱ्यांदा म्हणालात."

"मग?"

"मग काही नाही. दुसऱ्यांदा हसू नाही आलं."

बाहेर कोणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

"मग लोकांना खोटं का सांगतेस?" तो म्हणाला. "माझी अब्रू राखायला?"

"तुमच्या अब्रूचं बघायला मला कुठे सवड होती? तिथे खोलीत दिवसभर तो टीव्ही. सगळ्या बाया ती मालिका बघायच्या. मी खरं सांगितलं असतं तर त्या फिसकन हसल्या असत्या. वाईट वाटून मग तोंडावर हात ठेवला असता, पण आधी हसल्याच असत्या. कूस बदलता येत नव्हती मला. त्यात आणि लोकांचं हसणं कुठे झेलत बसू? म्हणून म्हटलं, धावले. एकदा म्हटलं, मग म्हणतच गेले." जरा थांबून म्हणाली, "आणि सांगताना बरं वाटायचं. तुम्ही धावत येताय, टेबल उलथतंय."

धडाम म्हणाला, "बाकी लोकांचं जाऊ दे. पोरीनं माझ्या खांद्यावर डोकं ठेवलं गं."

"ते तुमचं आणि तिचं. मी सांगणार नाही, आणि तुम्ही सांगितलंत तर अडवणारही नाही. पण एक लक्षात ठेवा, माझी आठवण आहे ती. हसू येईल अशी सांगू नका."

ही अट सगळ्यात अवघड. कारण ती गोष्ट कशीही सांगायला घ्या, हसू येतंच. त्यानं मनातल्या मनात किती वेळा घोळवून बघितली. फोनवर सांगावी म्हणून फोन हातात घ्यायचा, लेक पलीकडून "बोला बाबा" म्हणायची, आणि हा पाऊसपाणी विचारून ठेवून द्यायचा. मोठा भाग टीव्हीवर लागला तेव्हा त्यानं संच बंदच ठेवला. भिंतीपलीकडच्या घरातून आवाज आला तरी. टाकीवरून डोंगर, डोंगरावरून बाजार, बाजारातून जिना. आपलं कुठलं पडणं कुठे जोडलंय ते त्याला भिंतीतूनही ओळखू येत होतं. झाकण थांबलं आणि पलीकडे सगळं घर खदखदून हसलं.

स्टुडिओत त्यानं सांगून टाकलं की दारं, पावलं, पाणी, सगळं करीन, पडणं करणार नाही. दिग्दर्शक बाई म्हणाली, चालेल. जुनी पडणी आहेतच.

मग सुट्टी लागली आणि लेक राहायला आली. एका सकाळी धडाम आणि लेक टेबलाशी बसले होते. ती वह्या तपासत होती, तो तिला रोजच्यासारखं काहीतरी सांगू बघत होता आणि रोजच्यासारखं दुसरंच विचारत होता. "पोरं फार चुकतात का?" वगैरे. बायको आता वॉकर घेऊन स्वयंपाकघरापर्यंत जायची. दूध तापलंय, मीच झाकते म्हणाली, आणि गेली.

आणि आतून आवाज आला. आधी काहीतरी ओट्यावर आदळलं, मग फरशीवर, आणि मग झाकण. लंगडत, गरगर, गरगर.

लेकीनं वहीतून मान वर काढली नाही. लाल पेन चालूच. गालात हसून म्हणाली, "आलात का?"

पण तिचं वाक्य पुरं व्हायच्या आत खुर्ची मागे आपटली होती. टेबल तिरकं झालं, वह्या खाली सांडल्या, आणि धडाम एक चप्पल पायात आणि एक नाही अशा अवस्थेत स्वयंपाकघराच्या दारात पोचला होता.

बायको वॉकर धरून उभी होती. सांडशी ओट्याखाली पडलेली, आणि झाकण तिच्या पायाशी अजून जरासं हलत होतं.

"मी उभी आहे," ती म्हणाली. "झाकण पडलं. निसटलं हातातून."

धडामनं दाराची चौकट धरली. तिनं त्याच्याकडे बघितलं, त्याच्या एका चपलेकडे बघितलं, मग त्याच्या खांद्यावरून मागे, टेबलाकडे. लेक उठून उभी राहिली होती, एका हातात पेन, दुसऱ्यात गोळा केलेल्या वह्या. ती अजून हसतच होती, पण हसू अर्ध्यावर अडकलं होतं.

"बाबा, काय हे? झाकण तर पडलं," ती म्हणाली. "एवढे काय घाबरलात? आणि दोघं माझ्याकडे असं काय बघताय? नेहमीचंच तर म्हटलं मी."

धडामनं वाकून झाकण उचललं, बायकोच्या हातात दिलं. तिनं ते दुधावर ठेवलं आणि तिथेच उभी राहिली. तो लेकीकडे वळला.

"तुझी आई जिन्यावरून पडली ना, बाळ, तेव्हा मीही नेहमीचंच म्हटलं होतं, तू आता बसली होतीस तिथेच बसून, मान न वळवता, एकदा म्हटलं, ती बोलली नाही म्हणून पुन्हा म्हटलं, आणि त्यानंतर उठलो. धावलो बिवलो काही नाही, धावलो तो हा आज."